अंगणातल्या माद्या

बाटलीतले नाकतोडे मी चिमट्याने एकेक करून उलटे करत होतो. चाळीसेक असतील. सगळे नर निघाले. पुन्हा पहिल्यापासून पाहिले, तरी सगळे नर.

कीड सर्वेक्षण करणाऱ्याला हे ओळखता यावंच लागतं, आणि ते अवघड नाही. नाकतोड्याचं तोंड बघायचं नाही, शेपटाकडचं टोक बघायचं. नराचं टोक गोलसर आणि वर वळलेलं असतं. मादीला तिथे चार आखूड, कडक काटे असतात, दोन वर, दोन खाली. ते उघडत-मिटत ती जमीन पोखरते, पोट आत घालते आणि अंडी सोडते. अंगानेही ती मोठी असते. रातकिड्यांत तर आणखी सोपं. मादीच्या मागे सुईसारखी लांब नळी असते, आणि ओरडतो तो फक्त नर.

हे सगळं मला नोकरीच्या पहिल्या वर्षापासून येत होतं. पण तलवाड्याच्या पुढच्या एका वस्तीवर ज्वारीत स्वीप नेट मारताना, म्हणजे लांब दांड्याची कापडी जाळी पिकावरून फिरवताना, मी नुसती डोकी मोजली. आकडा कमी आला. 'धोका नाही' असा रिपोर्ट पाठवून मोकळा झालो. आठवड्याने बाटलीला चिठ्ठी चिकटवायला बसलो, तेव्हा चूक दिसली. दिवाळी होऊन गेलेली. या दिवसांत माद्या पिकात नसतील, तर त्या कुठेतरी अंडी घालत असतात.

मी ऑफिसातल्या वरिष्ठ मॅडमना फोन केला.

"मॅडम, माझा रिपोर्ट चुकला असावा."

"असावा म्हणजे? मी तो वर पाठवलाय."

"सॅम्पलमध्ये सगळे नर आहेत."

"मग बरंच आहे की. नर काय अंडी घालतात?"

"म्हणूनच म्हणतोय."

"जाऊन या. कन्फर्म झाल्याशिवाय दुसरा कागद नको."

भर दुपारी वस्तीवर पोहोचलो. अकरा घरं, अकराही घरांना कुलपं. सगळी माणसं ऊसतोडीला गेलेली. वस्तीच्या तोंडाशी हमीदचाचांचं मोटारी भरायचं, म्हणजे जळलेल्या पंपांना नवी तार गुंडाळायचं दुकान. बाहेर जाताना सगळे आपापली किल्ली त्यांच्याकडे ठेवतात. दुकानातल्या खिळ्यांवर त्या रंगीत सुतळीने ओळीने टांगलेल्या होत्या.

"साब, तुमी पिकात कावून बघता? घरांपुढं बघा," चाचा म्हणाले. "परवा कुलपांला तेल घालाया गेलतो. तसाच माघारी आलो."

"काय आहे तिकडे?"

"अंगन हलतंय."

मी हसलो. चाचा हसले नाहीत, आणि दुकानातून उठलेही नाहीत.

पहिल्या अंगणात मला काहीच दिसलं नाही. नुसती तांबूस माती, पलीकडे बंद दार. मग माती जागच्या जागी सरकल्यासारखी वाटली. नाकतोडे होते. मातीच्याच रंगाचे, अंगाला अंग लागावं इतके दाट, दारापर्यंत. मी पाय पुढे टाकला. एकही उडाला नाही.

न उडणारा नाकतोडा मी कधी पाहिला नव्हता. पाय त्यांच्या अगदी जवळ आला तरी ते बसून होते. कारण त्या माद्या होत्या, आणि प्रत्येकीचं मागचं अर्धं अंग जमिनीत होतं. काहींच्या पाठीवर लहानसा नर बसलेला. सगळीकडून बारीक खरखर येत होती. कोणीतरी जमिनीखालून नखांनी माती ओढत असल्यासारखी. वस्तीत दुसरा आवाज नव्हता. कुत्रंही नव्हतं.

मी वाकून एक उपसली. पोट येतच राहिलं. एरवी असतं त्याच्या दुप्पट लांब झालेलं, ओलं, फेसाळ. तिला तळहातावर ठेवली. ती पळाली नाही. शेवटचे चार काटे उघडमीट करत माझ्या कातडीत भोक पाडायला जागा शोधू लागले. मी तिला झटकून टाकली. नोकरीत पहिल्यांदाच मी हातातला किडा असा झटकला. मला भीती वाटली होती, उगाच दुसरं काही सांगत नाही.

बाकीची दहाही अंगणं तशीच होती.

"चाचा, इथे झाडू कोणी मारत नाही?"

"कोन मारंल? तोडीला गेलेल्याच्या अंगनात तो येईस्तवर झाडू न्हाई, कुदळ न्हाई. किल्ली देताना समदे एवढंच सांगत्यात."

मादीला घट्ट, उघडी, कोणी न हलवलेली जमीन लागते. या लोकांनी ती जपून ठेवली होती.

उपाय साधा. चार बोटं खोल माती उलटी करायची. भुईमुगाच्या शेंगेएवढ्या अंड्यांच्या पुड्या वर येतात, बाकीचं काम ऊन आणि साळुंक्या करतात. नाही केलं, तर जूनमध्ये ओल होताच पिल्लं निघून थेट घरामागच्या, नुकत्या उगवलेल्या बाजरीत शिरणार. तेवढ्याच तुकड्यावर या घरांची वर्षाची भाकरी.

चाचांनी एकेकाला फोन लावला. दहा घरांनी कुरकुरत का होईना, हो म्हटलं. अकरावा फोन चंद्रकलाबाईंचा. मागे कोयत्यांचा आवाज येत होता.

"न्हाई. अंगनाला हात लावायचा न्हाई."

"बाई, तुमची बाजरी जाईल."

"मागल्या साली आमी निघाल्याबरुबर माज्या जावेनं अंगन झाडलं. तिचा नवरा फडातून आलाच न्हाई. औंदा माजा नवरा अन् दोन पोरं संगं हायत. आमी येईस्तवर ऱ्हाऊ द्या."

मी पुन्हा सगळं समजावलं. त्यांनी ते शांतपणे ऐकून घेतलं आणि फोन ठेवला. चाचांनी त्यांची किल्ली खिळ्याला परत अडकवली.

त्यांच्या अंगणाला कुंपण नव्हतं. मी कुदळ मारली असती तर कोणाला कळलंही नसतं. हातात कुदळ घेऊन मी बराच वेळ उभा राहिलो. पायाशी ती खरखर चालूच होती. शेवटी कुदळ खाली ठेवली. मारायची माझी हिंमत झाली नाही.

दहा अंगणं मजूर लावून उलथली. नवा रिपोर्ट घेऊन मॅडमसमोर उभा राहिलो.

"पहिला रिपोर्ट कोणाचा?"

"माझाच."

"मग खुलासाही तुम्हीच लिहा."

लिहिला.

जूनमध्ये ओल होताच मी वस्तीवर धावलो. अकराव्या अंगणाची चाळण झाली होती. पिल्लांना पंख नसतात, म्हणून चंद्रकलाबाईंच्या तुकड्याभोवती औषधाची भुकटी टाकून ती बाहेर पडू दिली नाहीत. बाकी दहा घरांची बाजरी हिरवी राहिली. चंद्रकलाबाईंच्या तुकड्यात नुसते खुंट उरले.

जुलैत नुकसानीची पाहणी करायला गेलो, तेव्हा त्या अंगण झाडत होत्या. सडा ताजा होता. चार शब्द सुनवायचे, असं मी वाटेत ठरवलं होतं.

"बाई, बाजरी गेली."

"गेली," त्या म्हणाल्या. दारातून आत पाहिलं. नवरा आणि दोन्ही पोरं जेवत होती. "मानसं समदी आली, सायेब."

मी नुकसानीच्या फॉर्मवर त्यांच्या नावापुढे 'पूर्ण नुकसान' लिहिलं. कोण परत आलं, याचा रकाना त्यात नाही. हिवाळ्यात त्यांनी पुन्हा चाचांकडे किल्ली दिली, तर तेच अंगण मी पुन्हा पाहीन. आणि जाळीत सापडलेला प्रत्येक नाकतोडा आता मोजायच्या आधी उलटा करतो.