देवाला दाखवलेलं मत

ती घटना मी विसरलो नाही, विसरणारही नाही. आमच्या भागाचा जुना विधानसभा मतदारसंघ आज कोणाला ठाऊक नाही. भिलाईच्या सेक्टर सहामध्ये चहाला जमणारी रिटायर मंडळी मलाच विचारतात, असा मतदारसंघ होता तरी कुठं? होता. मी त्यात उभं राहून ड्यूटी केली आहे. शिक्षण माझं चौथी, पण पोलिसात शिपाई म्हणून लागलो आणि फौजदार होऊन निवृत्त झालो. डोळ्यांनी पाहिलेलं कोणी खोटं म्हटलं तर मी ऐकून घेत नाही.

पोलादाच्या कारखान्याचं काम नुकतंच लागलं होतं. भिलाई म्हणजे तेव्हा धानाची शेतं, तलाव आणि बांधाबांधावर सर्वेवाल्यांच्या झेंड्या. मतदारसंघ सगळा खेड्यांचा. त्यातली कितीतरी गावं कारखान्यासाठी उठणार होती, आणि उठण्याआधी त्यांना मत द्यायचं होतं. मी हवालदार होतो. अशाच एका गावच्या शाळेत माझा बंदोबस्त लागला.

मत द्यायची रीत तेव्हा निराळी होती. शिक्का मारायचा नसे. पडद्याआड दर उमेदवाराची वेगळी पेटी, वर त्याचं चिन्ह. हव्या त्या पेटीत मतपत्रिका टाकायची, झालं. त्यातून चोरांनी वाट काढली होती. मतपत्रिका पेटीत न टाकता लपवून बाहेर आणायची आणि विकायची. घेणारा मग आपल्या माणसाकरवी चार-पाच एकदम पेटीत घालणार. आम्हाला याच्यावरच नजर ठेवायची होती.

दुपारी एका उमेदवाराचा एजंट तावातावानं आला. म्हणाला, एक म्हातारी मूठ झाकून शाळेमागे गेली, रिकाम्या हातानं परत आली आणि आता ओट्यावर बसली आहे. विकून आली, दुसरं काय! केंद्राध्यक्षांनीही चौकशी करायला सांगितलं. गुन्हा लागला असता तर म्हातारी कोठडीत गेली असती.

कोटवाराच्या, म्हणजे गावच्या राखणदाराच्या, बायकोकडून झडती घेतली. काही निघालं नाही. कोणाला दिली, कुठं ठेवली, मी विचारत राहिलो. म्हातारी बोलेना. नजर सारखी पडद्याकडे. माझ्याबरोबरचा शिपाई म्हणाला, "साहेब, जरा डोळे वटारा. आत्ता बोलते."

"तू गप राय," मी म्हटलं. "डोळे वटारून तुही माय बोलते का?"

चोरी केलेला माणूस लवकर सुटायला पाहतो, हे मला नोकरीनं शिकवलं होतं. ही तर परत येऊन बसली होती. हात पाहिला तर तळव्याच्या घड्यांत हळद, नखाशी तांदळाचा पिवळा दाणा. मी भंडाऱ्याकडच्या धानवाल्यांचा मुलगा. आमच्या घरी नवा तांदूळ आधी देवापुढे जातो, मग चुलीवर चढतो. मी तिच्याजवळ खाली बसलो.

"माय, देवाले दाखवाले नेली का?"

म्हातारीनं पहिल्यांदा माझ्याकडे नीट पाहिलं. ती बोलली छत्तीसगढीत, मी आपल्या बोलीत लिहितो. "मंग? नवी वस्तू त्याले दाखवल्याबिगर वापरू? गाव उठून राहिलं. घर का माझं एकटीचंच जाते? त्याचं बी जाते. त्याले इचारल्याबिगर मी कशी ठरवू?" आणि देवाचं ठरेतो पेट्या कोणी उचलून नेऊ नये, म्हणून ती राखण करत बसली होती.

आम्ही शाळेमागे त्यांच्या ग्रामदेवाच्या, ठाकुरदेवाच्या चौथऱ्यावर गेलो. मतपत्रिका तिथंच होती, दगडाखाली, वर पिवळे तांदूळ. बाजूलाच सर्वेवाल्यांची खुंटी ठोकलेली.

शाळेत आल्यावर एजंट पुन्हा तावात आला. केस करा म्हणाला, नाहीतर वर कळवतो. मी म्हटलं, खुशाल कळवा. विक्री झाली नाही, गुन्हा नाही, रोजनाम्यात मी हेच लिहिणार. केंद्राध्यक्षही माझ्या बाजूनं राहिले, पण बाहेर गेलेली मतपत्रिका पेटीत टाकता येत नाही, यावर ते अडून बसले. नियम त्यांचा खरा होता. मतपत्रिका रद्द झाली.

म्हातारीला कोठडीचं भय शेवटपर्यंत नव्हतंच. तिनं एवढंच विचारलं, "मंग आमचं दोघांचं बी गेलं का?" केंद्राध्यक्ष रद्द मतपत्रिकेचं पाकीट चिकटवत राहिले.

पुढच्या निवडणुकीला मतदारसंघ होता, गाव नव्हतं. गाव होतं त्या बाजूला कारखान्याच्या चिमण्या उभ्या होत्या. माझी ड्यूटी कुम्हारीकडच्या एका नव्या वस्तीत लागली, आणि रांगेत ती दिसली. आता जास्तच वाकली होती. माझ्यापाशी थांबून म्हणाली, "हवालदारबाबू, आज पयलेच इचारून आली." देवाचा दगड पोरांनी बैलगाडीत घालून सोबत आणला होता. आत गेली, मत टाकलं, बाहेर आली आणि माझ्यापुढे पदर झटकून म्हणाली, "पाहून घे बापा, काही नेलं नाही." सारी रांग हसली, मीही हसलो.

पुढे हद्दी बदलल्या, तो मतदारसंघ मोडला. मी मात्र त्या दिवसापासून एक नेम धरला. संशयित समोर आला की काय चोरलंस हे आधी विचारायचं नाही. आधी विचारायचं, काय करत होतास? वरिष्ठ मला हट्टी म्हणत. म्हणोत. या एका सवालानं माझ्या हातून किती माणसं सुखरूप घरी गेली, ते त्यांच्या घरच्यांना माहीत आहे.