पाठीवरचा खिसा

आमचं घर सकाळी जागं होत नाही, एकदम सुरूच होतं. त्या दिवशीही कुकर शिट्ट्या मारत होता, मिक्सर घरघरत होता आणि सासूबाईंनी टीव्ही त्यांच्या कानांच्या मापानं लावला होता. ऑफिसला निघालेले हे अर्ध्या वाटेतून परत येऊन, "माझा चष्मा कुणी हलवला?" म्हणून घर डोक्यावर घेत होते. तेवढ्यात दारावर टकटक झाली. बेल असताना टकटक करणारं माणूस आमच्या मजल्यावर एकच. लिफ्टला लागून राहणाऱ्या टेलरताई.

पन्नाशीच्या, एकट्या, अंगानं काडी. हातात यांचा नवा शर्ट. कॉलर ताठ, काजं रेखीव, फक्त खिसा पाठीवर.

"वा!" हे म्हणाले. "आता पेन काढायला मागे एक माणूस ठेवावा लागणार."

ताई हसल्या नाहीत. "दुसरा शिवून देते, दादा. आणि वहिनी, पुढच्या महिन्यापासून दुसरा टेलर बघा. मी जागा सोडतेय."

"अहो, आधी आत तर या!" मी त्यांना थेट स्वयंपाकघरात ओढलं आणि चहाचा कप हातात दिला. त्याच वेळी शिट्टी झाली, फोन वाजला आणि सासूबाई येऊन थडकल्या, "सोडतेस म्हणजे? कुठे जाणार? घरमालकाशी वाजलं का? की लग्नबिग्न करतेस?"

ताई थांबल्या. म्हणजे पुरत्याच थांबल्या. डोळे उघडे, कप हातात, पण आत कुणी नाही. सासूबाईंनी त्यांच्या तोंडासमोर हात हलवला, गाडी मागे घ्यायला सांगतात तसा. "अगं, हिला काहीतरी झालं! पाणी मारा!" हे तांब्या घेऊन धावले आणि निम्मं पाणी स्वतःच्याच पँटवर सांडलं.

मला काय सुचलं कोण जाणे. मी मिक्सर बंद केला, गॅस बंद केला, टीव्ही बंद केला, फोन उशीखाली कोंबला. सासूबाईंना बटण नाही, म्हणून त्यांच्या हातात बिस्किट दिलं.

बऱ्याच वेळानं ताईंच्या बोटांनी कपाचा कान चाचपला. "आले," त्या म्हणाल्या, वर्गात हजेरी द्यावी तशा.

मग हळूहळू सांगू लागल्या. लहानपणापासूनचं आहे. शाळेत बाई म्हणायच्या, लक्ष नाही. कपड्यांच्या दुकानात नोकरी धरली, तिथे दिवसभर गाणी. मालक म्हणाला, ही उभ्या उभ्या झोपते. अगदी अलीकडे एका डॉक्टरीणबाईंनी सांगितलं, की मेंदूची घडणच तशी आहे, आवाज गाळून घेणारी चाळणीच नाही. "सगळं एकदम आत येतं, वहिनी. मग मीच बाहेर पडते. हात शिवत असतात, मला दिसतात, पण ते माझे वाटत नाहीत. शेजारची कुणी बाई शिवतेय आणि मी बघतेय. त्या बाईनं हा खिसा लावला. परवा एका ब्लाउजला तिसरी बाही लावली."

"पण मशीनचा खडखडाट चालतो तुला," सासूबाई फुरंगटल्या, "आणि माझे चार शब्द चालत नाहीत?"

"मशीन कधी थांबणार ते मला ठाऊक असतं, काकू."

हे इतके हसले, की भिंतीला टेकावं लागलं. सासूबाईंनी बिस्किटाचा तुकडा जरा जोरातच मोडला.

"पण मग घर का सोडताय?" मी विचारलं. "इथे तर एकट्याच असता."

ताईंनी नुसतं दाराकडे पाहिलं. आमचं घर गप्प होतं, म्हणून मला पहिल्यांदा ऐकू आलं. बाहेर लिफ्टमधली बाई गोड आवाजात सांगत होती, "कृपया दार बंद करा. कृपया दार बंद करा." बिचारी मघापासून सांगत असणार.

"दार कुणी उघडं टाकलं?" मी म्हटलं.

यांचं हसू ओसरलं. "मीच. चष्म्यासाठी आलो ना. म्हटलं, लिफ्ट कुणी खाली नेऊ नये."

"आणि काल?"

"काल रुमाल."

म्हणजे रोजच. यांचा विसरभोळेपणा संपेपर्यंत ती बाई ताईंच्या भिंतीला लागून बोलत राहायची.

"एवढंच होतं तर आधी बोलायचं ना हो, ताई!"

"रोज ठरवायचे. पण दारापर्यंत येईतो मी उरतच नसे."

"आता आहात ना? मग सांगून टाका यांना."

ताईंनी कप खाली ठेवला. "दादा, तुम्ही हवं ते विसरा. फक्त परत येताना लिफ्टचं दार लावत जा."