दादांची लकब

साठी उलटली तरी घरात तो धाकटाच. बाहेर त्याचं नाव कुणाच्या लक्षात राहत नसे, चेहरा मात्र सगळ्यांच्या ओळखीचा. मालिका-सिनेमांतून त्याने इतके डॉक्टर, न्यायाधीश, फौजदार आणि मुलींचे बाप उभे केले होते की लोक रस्त्यात थबकायचे, डोकं खाजवायचे आणि म्हणायचे, "आपण कुठेतरी भेटलोय." एका गृहस्थांनी तर जुन्या ऑफिसातला सहकारी समजून त्याला मिठीच मारली. त्यांचा हिरमोड कशाला करा म्हणून धाकट्याने साहेबांची खुशाली विचारली आणि चहाही घेतला. नायक व्हायची हौस केव्हाच विरली होती. काम मिळत होतं, गडी मजेत होता.

त्याची कामाची तऱ्हा मात्र उघडउघड चोरीची. खोकला सासऱ्यांचा, चाल शिंप्याची, हसणं मेव्हण्याचं. मेव्हण्याने तर स्वतःचंच हसू पडद्यावर पाहून "काय खिंकाळतो हा माणूस" म्हणून नावं ठेवली होती. बायकोची एकच अट होती, "दादांना हात लावायचा नाही."

दादा म्हणजे थोरला भाऊ. वडील गेले तेव्हा धाकटा रांगत होता. त्याला वडील ठाऊक ते भिंतीवरच्या फोटोतले, तेही कुणीतरी दटावून बसवल्यासारखे. दादांनी शिक्षण सोडून नोकरी धरली आणि त्याला लहानाचा मोठा केला. नटपणाचं खूळ त्यांना पटलं नाही, पण कधी आडवेही आले नाहीत.

बायकोची अट मोडली ती एका सिनेमात. मुलाला घराबाहेर काढणाऱ्या बापाचं काम होतं. दिग्दर्शक बाई म्हणाल्या, "ओरडू नका हो. ओरडणारे बाप पुष्कळ झाले." धाकटा पुन्हा खुर्चीत बसला आणि काही कळायच्या आत दादा अंगात आले. आधी टेबलावरचं कापड तळहाताने सारखं करायचं, तिथे नसलेला कचरा झटकायचा, समोरच्याला ताटकळत ठेवायचं आणि मग हळू आवाजात एकच वाक्य. बाई खूश झाल्या आणि धाकट्याला बायकोची अट आठवली.

सिनेमा आता घरच्या टीव्हीवर हवा तेव्हा लावता येतो हे धाकट्याच्या सुनेकडून कळल्यावर दादा आपणहून बघायला आले. धाकटा आतबाहेर करत राहिला. ज्याने बापाच्या मायेने वाढवलं त्याचीच नक्कल, आणि तीही अशा कठोर माणसासाठी! दादांनी मनाला लावून घेतलं तर?

"आता निस्तरा," बायको कुजबुजली.

तो प्रसंग आला. पडद्यावरचा हात कापडावरून फिरला. दादांनी सुनेला खूण करून चित्र थांबवायला लावलं.

"हे कुठून आणलंस?"

खोटं बोलायला धाकट्याची जीभ रेटेना. "तुमच्याकडून, दादा. चुकलं माझं."

"माझ्याकडून? मी कुठे असं करतो?" दादा म्हणाले. त्यांचा तळहात तेव्हा समोरच्या टीपॉयवरून फिरतच होता. सुनेने हसू लपवायला मान खाली घातली. "हे बाबा आहेत. रागावले की असेच बसायचे. आम्ही शिक्षेला घाबरत नव्हतो, या थांबण्याला घाबरायचो." ते धाकट्याकडे वळले. "तू तर त्यांना धड पाहिलंही नाहीस रे."

दादांनी चष्मा पुसला, पुन्हा लावला.

"परत लाव गं," ते सुनेला म्हणाले. "बाबा येतात तिथपासून."

प्रसंग पुन्हा सुरू झाला. धाकट्याने टीव्हीकडे पाहिलं नाही. त्याने आपली खुर्ची दादांकडे वळवली आणि जन्मात पहिल्यांदा तो वडिलांना डोळे भरून बघत राहिला.