बहीण गणपतीला आली तेव्हा

पेणजवळच्या जोहे गावातल्या मूर्तीच्या कारखान्यातून गणपती घरी आणताना ओल्या रंगाचा वास नाकात जातो आणि मला ती दुपार आठवते. वडिलांच्या मागे शेतावरचा हक्क बहिणींनी सोडायचा आणि भावांनी त्यांना साडी नेसवायची, अशी आमच्याकडची रीत. माझ्या बहिणीने हक्कसोडपत्रावर सही केली नाही. मग मी आणि दादा रोह्याला तिच्या दारात जाऊन आरडाओरडा करू लागलो. एकदा तर मी तिच्या खिडकीची काच फोडली. ती कोर्टात गेली आणि कोर्टाने तिला पोलीस संरक्षण दिलं. त्या वर्षी केवळ आईच्या हट्टापायी ती पेणला आमच्या घरच्या गणपतीच्या दर्शनाला आली, तेव्हा सोबत एक पोलीसबाई होत्या. "ये गो बाय, अशी दारात काय उभी?" आई म्हणाली. दादा आतूनच म्हणाला, "त्या बाईंनापण मोदक वाढा. आता पोलीसच हिचं माहेर." ती आत आली. गणपतीपुढे नारळ ठेवून आईच्या पाया पडली. मी मोदकाचं ताट घेऊन पुढे झालो, तशी ती पाऊलभर मागे सरकली आणि दाराकडे बघू लागली. "घ्या ताई, मी हाय इथं," पोलीसबाई म्हणाल्या, तेव्हा कुठे तिने हात पुढे केला. पुढे तिचा वाटा तिला मिळाला. आता ती गणपतीला एकटी येते, माझ्याशी बोलतेही. पण ती आली की मोदकाचं ताट मी बायकोच्या हातात देतो आणि मागच्या पडवीत जाऊन उभा राहतो.