आधी गुडघा, मग गाडी

विजेवरच्या स्कूटरला आवाज नसतो. एवढी एक गोष्ट शिकायला मला एक अख्खा कोर्स, एक नवा पायजमा आणि टोपलीभर झेंडू लागला.

बिबवेवाडीत माझं स्कूटर दुरुस्तीचं गॅरेज आहे. गॅरेज म्हणजे काय, घराची पुढची खोली आणि तिला शटर. मागं स्वयंपाकघर, पुढं ग्रीस. आमच्या हिनं, म्हणजे मालननं, या दोन्हींच्या मधे शटरपाशी एक लोखंडी स्टूल टाकून संसार केला. तिथं बसून ती मेथी निवडायची आणि गिऱ्हाईकंही निवडायची. गिऱ्हाईक गाडी ढकलत यायचं आणि सांगायचं, "काही केलं नाही हो, आपोआप बंद पडली." मी वाकून कार्बोरेटर बघायचो. मालन गाडीकडं बघायचीच नाही. ती माणसाच्या गुडघ्याकडं बघायची. "भाऊ, पडलात कुठं? आधी हळद लावा." की गिऱ्हाईक गार! सगळी हयात गाड्या मी दुरुस्त केल्या, पण निदान तिचं. (नाव माझं झालं.)

मालन गेली त्याला आता दुसरी दिवाळी येईल. स्टूल तिथंच आहे. त्यावर कुणी बसत नाही. मी पानासुद्धा ठेवत नाही.

तर झालं असं, की गल्लीतून विजेच्या गाड्या जायला लागल्या त्या भुतासारख्या. आवाज नाही, धूर नाही. एखादी बंद पडली तर माझ्याच दारावरून टेम्पोत बसून कंपनीकडं जायची, लग्नाला निघाल्यासारखी! माझ्याकडं येणार ते फक्त पत्ता विचारायला. शेवटी पोरगा महेश एक दिवस जेवताना म्हणाला, "आण्णा, शटर भाड्यानं देऊ. एक मोमोवाला विचारतोय."

"मोमो म्हणजे?"

"उकडलेली करंजी समजा."

"गोड?"

"तिखट."

"मग करंजी म्हणू नकोस तिला."

मोमोवाल्याला शेगडी दर्शनी हवी होती. दर्शनी म्हणजे शटरपाशी. शटरपाशी म्हणजे स्टुलाच्या जागी. मी ताट बाजूला सारलं. तेवढ्यात सून सविता म्हणाली, "मी शिकते की ती गाडी. येरवड्याला कोर्स निघालाय, गॅरेजवाल्यांसाठीच. पास झालं तर कंपनी दुरुस्तीचं काम देते, वर बोर्ड देते."

महेश म्हणाला, "ठीक. पास झालीस तर गॅरेज. नाहीतर दिवाळीनंतर मोमो."

"मी पण येतो," मी म्हणालो.

"आण्णा, तुम्ही?"

"का? वयाची अट आहे का?"

नव्हती. (घालायला हवी होती, हे तिथल्या मॅडमना पुढं कळलं.)

सकाळी सविता पुढं आणि मी मागं असे गाडीवरून निघालो की समोरचे पेन्शनर काका विचारायचे, "कुठं?"

"येरवड्याला."

"किती दिवसांची झाली?"

"दोन महिन्यांची."

"चांगलं वागा. लवकर सोडतील."

शिकवायला मॅडम होत्या, माझ्या नातीच्या वयाच्या. पहिल्याच दिवशी म्हणाल्या, "बॅटरीला हात लावण्याआधी अंगावरचा सगळा धातू काढून ठेवायचा. अंगठी, साखळी, घड्याळ."

मी म्हणालो, "माझा एक दात चांदीचा आहे."

"दात राहू द्या काका. फक्त तोंड बंद ठेवा."

ते काही मला जमलं नाही. मॅडम दाखवायच्या वायरी, मी विचारायचो प्लग कुठाय. सगळे मीटर लावायचे, मी आपला जुन्या सवयीनं स्क्रू-ड्रायव्हरचं टोक मोटरला आणि मूठ कानाला लावून ऐकत बसायचो. काही म्हणता काही ऐकू येत नव्हतं! नाडी सापडत नाही आणि पेशंट समोर बसून चहा पितोय, तसलं सगळं. सविता मात्र भराभर शिकली. रबरी हातमोजे घातले की डॉक्टरीणच. घरी येऊन तेच मला परत शिकवायची, भाकरी थापता थापता. मला भाकरी तेवढी कळायची.

शेवटची परीक्षा प्रत्येकाच्या गॅरेजवर, म्हणजे जागाही बघून होते. मॅडमनी आमच्यासाठी दिवस धरला तो नेमका खंडेनवमीचा.

आता खंडेनवमीला आमच्याकडं हत्यारांची पूजा. पाने, पकडी, हातोडी धुऊन पाटावर मांडायच्या, हळदकुंकू वाहायचं आणि त्या दिवशी त्यांना काम सांगायचं नाही. परीक्षेची हत्यारं मॅडमची होती, म्हणून आमची पाटावर निवांत होती. पूजा कायम मालन करायची. तिचा आणखी एक नेम होता. त्या दिवशी आपल्या दारात उभी असलेली गाडी, मग ती कुणाची का असेना, कुंकवाशिवाय जाऊ द्यायची नाही. एकदा पत्ता चुकून आलेल्या पोस्टमनची सायकलही तिनं सोडली नव्हती.

मॅडम स्वतःच्या विजेच्या स्कूटरवरून आल्या. म्हणाल्या, "गाडीत मी मुद्दाम एक बिघाड करून आणलाय. सविताताईंनी शोधायचा, दुरुस्त करायचा आणि गाडी चालवून दाखवायची. चावी लावून चालूच ठेवते. काका, तुम्ही गाडीला हात लावायचा नाही."

"नाही," मी म्हणालो.

दोघी आत चहाला गेल्या. गाडी दारात उघड्या कपाळानं उभी! मी पाच मिनिटं (फार झाली, दोनच असतील) तिच्याकडं बघितलं आणि मग मालनचं ताट उचललं. कुंकू लावणं म्हणजे काही हात लावणं नव्हे. हार घालणं म्हणजेही नव्हे. पुढच्या चाकाखाली लिंबू ठेवलं. पण लिंबू ठेवलं की ते चिरडायला पाहिजे, नाहीतर पूजा अर्धी. म्हणून बसलो.

मूठ पिळली. आवाज नाही. आणखी पिळली. शांत! म्हटलं हाच तो मॅडमचा बिघाड, गाडी मेलेली आहे. मग आमच्या काळच्या स्कूटरला करायचो तशी डावीकडं कलती करून बघितली, किक शोधली. किक नव्हती. मूठ मात्र मी पूर्ण पिळून धरलेली. आणि पाय मोकळा हवा म्हणून साइड स्टँड वर केला.

स्टँड खाली असला की ही गाडी हलत नाही, हे मॅडमनी फळ्यावर लिहून दिलं होतं. वर केल्यावर काय होतं, ते गाडीनंच सांगितलं!

लिंबू गेलं. उंबरा गेला. गल्ली गेली. समोर दसऱ्यासाठी कोंडाबाई झेंडूचा ढीग लावून बसली होती, त्या ढिगात मी आणि गाडी असे दोघं शिरलो आणि आडवे झालो. आवाज असा झालाच नाही. जुन्या स्कूटरनं एवढं केलं असतं तर आख्खी बिबवेवाडी गोळा झाली असती. इथं आवाज काय तो माझा, आणि मी ओरडलो "मालन!" त्याची घरात सवय आहे. आतून कुणी आलं नाही.

ढिगाच्या पलीकडून कोंडाबाईचं तोंड वर आलं. ती सासवडकडची, बोलणं सरळ. "अवो आण्णा, फुलं पायजेत तर मागायची. उडी कशापायी?"

"गप. मोठ्यानं बोलू नको."

"लागलं न्हाय न्हवं?"

"नाही. तू काही बघितलं नाहीस."

"बघितलं न्हाय कसं? डोळं हायत मला."

तिच्या लेकाची गाडी फुकट धुऊन द्यायच्या बोलीवर तिचे डोळे मिटवले. दोघांनी मिळून स्कूटर उभी केली, ढकलत दारात आणली, पुसली, हार नीट केला. नवीन लिंबूसुद्धा ठेवलं! हातानंच पायजमा झटकला आणि पाटापाशी हात जोडून उभा राहिलो. देवानं बघितलं असतं तर तोही फसला असता.

दोघी बाहेर आल्या. मॅडम थबकल्या. "काका, हे काय?"

"पूजा."

"मी हात लावू नका म्हणाले होते."

"हात कुठं लावला? कुंकू लावलं."

सवितानं हातमोजे घातले, मीटर काढला आणि बघता बघता सांगितलं, "मागचा ब्रेकचा दिवा लागत नाही. इथला जोड सैल केलाय तुम्ही." जोड बसवला, दिवा लागला. मॅडम खूश. "छान. आता चालवून दाखवा."

सविता बसली, स्टँड वर केला, मूठ पिळली. गाडी ढिम्म! पुन्हा पिळली. ढिम्म! चावी बंद केली, लावली. तरीही ढिम्म.

मॅडमचा चेहरा उतरला. "सविताताई, दिवा करताना दुसरी कुठली वायर ओढली गेली का? गाडी मी चालवत आणलीय. चालवून दाखवल्याशिवाय मला पास करता येणार नाही."

सविताच्या कपाळावर घाम. मला डोळ्यांपुढं शेगडी दिसायला लागली, स्टुलाच्या जागी, वर वाफ काढणाऱ्या तिखट करंज्या. आता तरी बोलावं की नाही?

सवितानं एकदम गिऱ्हाइकाला विचारतात तसं मला विचारलं, "आण्णा, गाडीला काही झालं होतं का? पडली वगैरे?"

आणि माझ्या तोंडून, शपथेवर सांगतो, माझ्याच तोंडून निघालं, "काही केलं नाही गं. आपोआप बंद पडली असंल."

सविता माझ्या तोंडाकडं बघत राहिली. मग तिनं गाडीकडं पाठ केली, मान खाली घातली आणि माझ्या गुडघ्याकडं बघितलं.

पांढरा पायजमा. डाव्या गुडघ्याला फाटलेला. भोवती झेंडूचा पिवळाधमक डाग.

"आण्णा," ती हळूच म्हणाली, "आधी हळद लावा."

पलीकडून कोंडाबाई ओरडली, "हळद कशाला? फुलातच पडल्यात की! म्या काय बघितलं न्हाय!"

सविता मॅडमकडं वळून म्हणाली, "गाडी आडवी पडली होती. पडली की ही स्वतःच वीज तोडते. नुसत्या चावीनं उठत नाही, सीटखालचं मेन बटण बंद करून परत लावावं लागतं." सीट उचलली, बटण बंद केलं, जरा थांबली, परत लावलं. मूठ पिळली. लिंबू फुटलं आणि सविता गल्लीच्या टोकापर्यंत जाऊन परत आली, वाऱ्यासारखी, हारासकट!

मॅडम हसून हसून स्टुलावर बसल्या. त्या स्टुलावर! बऱ्याच दिवसांनी तिथं बसून कुणीतरी हसत होतं. चांगलं दिसत होतं.

"हे गुडघ्याचं कुठं शिकवलं तुम्हाला?" त्यांनी विचारलं. "आमच्या कोर्समधे नाही."

"सासूबाईंनी," सविता म्हणाली. "आणि मघाशी आण्णांनी त्यांना हाक मारली ना, एवढ्या मोठ्यानं ते कधी मारत नाहीत. तेव्हाच शंका आली होती."

सविता पास झाली. दिवाळीत बोर्ड लागला. मोमोवाला पुढच्या चौकात गेला. (मी खाऊन आलो. वाईट नाहीत. पण करंजी नव्हे.) संध्याकाळी काम उरकलं की सविता स्टुलावर बसून मेथी निवडते, आणि गाडी ढकलत येणाऱ्याच्या आधी गुडघ्याकडं बघते. शटरवर तिनं स्वतःच्या अक्षरात पाटी लावलीय: "गाडीला काय झालं ते खरं सांगावे. आमच्या घरात एक खोटं बोलणारे आधीच आहेत."

मी अर्थातच नापास. पण मॅडमना माझ्यातला गुण दिसला. आता दर परीक्षेला त्या मला बोलावतात. गाडीत बिघाड त्या करतात, मी शेजारी उभा राहून पोरांना सांगायचं, "काही केलं नाही हो, आपोआप बंद पडली." आजपर्यंत एकाही पोरानं मला पकडलेलं नाही. जन्मभर मिस्त्री होतो, म्हातारपणी नवीन कोर्स केला आणि गिऱ्हाईक झालो!