धावत्या गाडीत चढताना

"थांब!" वडील ओरडले आणि मी थांबले.

यात चुकलं काय, असं कुणीही विचारेल. बापानं थांब म्हटलं, लेक थांबली. पण मी जिथं थांबले ती जागा थांबायची नव्हती. आमच्या बाजूनं समृद्धी महामार्गावर चढायचं तर टोलनाक्यापासून निघालेला रस्ता गोल वळसा घेऊन मोठ्या रस्त्याच्या कडेला येतो आणि काही अंतर त्याला लागूनच धावतो. ही पट्टी वेग घेण्यासाठी असते. तिच्यावर आपली गाडी मोठ्या रस्त्यावरच्या गाड्यांइतकी पळवायची, दोन गाड्यांमधली जागा हेरायची आणि सरळ आत सरकायचं. मी इंडिकेटर लावला होता, वेग घेतला होता, जागाही हेरली होती. वडिलांच्या एका शब्दासरशी पाय ब्रेकवर गेला. गाडी पट्टीच्या टोकाला उभी राहिली आणि पुढं पट्टी संपली होती.

मागून येणाऱ्या टेम्पोनं आम्हाला कशीबशी बगल दिली. त्याचा ड्रायव्हर जे काही बोलला ते बंद काचेमुळं ऐकू आलं नाही, एवढंच बरं. उजवीकडून ट्रेलर जात होते आणि प्रत्येक ट्रेलरसरशी आमची छोटी गाडी हलत होती. मागच्या सीटवर आई डब्याची पिशवी छातीशी धरून बसली होती. उभ्या गाडीनं त्या वेगात शिरायचं म्हणजे जिवावर उदार होण्यासारखंच. बऱ्याच वेळानं रस्ता लांबपर्यंत रिकामा दिसला तेव्हा मी पहिल्या गिअरमध्ये गाडी बोंबलत आत घातली. मग थेट नागपूरच्या दवाखान्यापाशीच थांबले.

वडील एसटीत ड्रायव्हर होते. उभ्या नोकरीत त्यांच्या हातून अपघात झाला नाही. हे ते स्वतः सांगत नाहीत, विहाराच्या ओट्यावर बसणारे त्यांचे दोस्त सांगतात, आणि त्या वेळी वडील ऐकू न आल्यासारखं करतात. मी सायकल शिकले तेव्हा हँडल कसं धरायचं ते मैत्रिणींनी शिकवलं. वडिलांनी फक्त एक गोष्ट शिकवली. गावाचा रस्ता डांबरी रस्त्याला मिळतो त्या फाट्यावर नेऊन त्यांनी मला उभं केलं. "इथं आली का पाय टेकवाचा. दोन्हीकडं पाह्याचं. मंग निघाचं." रस्ता रिकामा असला तरी पाय टेकवायचाच. मी ते इतकं पाळलं की अजूनही गाडीत बसलेली असताना फाटा आला की डावा पाय उगाच हलतो.

त्यांचा दुसरा नियम प्रवाशांसाठी होता. धावत्या गाडीत चढू नये, अशी पाटी प्रत्येक बसमध्ये असते आणि ती कुणी वाचत नाही. वडील ती तोंडानं वाचून दाखवत. कुणी पळत येऊन दांडीला लोंबकळलंच, तर पुढच्या थांब्यावर गाडी बंद करून खाली उतरत आणि सगळ्यांदेखत त्याची खरडपट्टी काढत. कंडक्टरनं दोनदा घंटी मारली, म्हणजे डबल झाली, की गाडी निघाली. मग मागून कलेक्टर पळत आला तरी ते थांबत नसत.

अशा माणसाचे डोळे साखरेनं खाल्ले. डावा तर कामातून गेलाच. उजव्याच्या पडद्याला सूज आली आणि समोर बसलेल्या माणसाच्या तोंडाच्या जागी धुरकट डाग दिसू लागला. त्या डोळ्यात दर महिन्याला नागपूरला इंजेक्शन घ्यावं लागत होतं. खंड पडला तर हाही डोळा हातचा जाईल, असं डॉक्टरीणबाईंनी आमच्या तोंडावर सांगितलं होतं. त्या दिवशी पट्टीवर वडिलांना एकही गाडी दिसत नव्हती. त्यांना नुसता मोठ्या रस्त्याचा आवाज आला, पोरगी पाय टेकवत नाही एवढं कळलं, आणि ते ओरडले.

पुढची तारीख जवळ आली तसं त्यांनी जाहीर केलं, "मी तुह्या गाडीत येत नाई. एसटीनं जातो."

गेलो एसटीनं. जुन्या रस्त्याचं काम निघालेलं होतं, बस जागोजागी खोळंबली, आम्ही पोचलो तेव्हा नंबर निघून गेला होता. इंजेक्शन न घेता परत आलो. डॉक्टरीणबाईंनी पुढच्या आठवड्यातली तारीख दिली आणि म्हणाल्या की आता हिच्यापुढं जाऊ नका. घरी आल्यावर वडील तरीही म्हणाले, "समुर्द्धीनं नाई."

मी आर्वीच्या कोर्टात स्टेनो आहे. दिवसभर दुसऱ्यांचं बोलणं मुकाट्यानं टिपून घेते, त्यामुळं घरी आल्यावर माझी जीभ जरा जास्तच चालते.

"काऊन नाई?" मी विचारलं.

"एक डोया वाचवाच्या नादात तिघंही जाऊ."

"तुमी ओरडले म्हणून मी थांबली, बाबा. नाई ओरडले असते तं कधीच आत गेलो असतो."

"न थांबता मोठ्या रस्त्यावर जानारा मानूस मी आजलोक पाह्यला नाई."

"नाई पाह्यला ना? मंग चाला पाह्याले!"

बोलून गेले आणि जीभ चावली. ज्या माणसाला ताटातली भाजी कोणती हे दिसत नाही, त्याला मी पाहायला चला म्हणत होते. आईनं माझ्याकडं असं पाहिलं की मला तिथंच मातीत शिरावंसं वाटलं. पण वडील उठले, पायानं चाचपडत चप्पल शोधली आणि म्हणाले, "चाल."

जिथून गाड्या समृद्धीवर चढतात त्याच्या जवळच शेताकडं जाणारा एक पूल आहे. खाली महामार्ग, वरून बैलगाड्या आणि ट्रॅक्टर. संध्याकाळी आम्ही तिघं तिथं जाऊन उभे राहिलो. दोन्ही अंगांना कापूस फुटलेला होता. वडिलांनी कठड्यावर कोपरं टेकली आणि कान खाली दिला. थोड्या वेळातच माझ्या लक्षात आलं की आमच्या तिघांत जास्त त्यांनाच कळत होतं.

"टँकर. रिकामा हाय," ते म्हणत. खाली खरंच टँकर असे.

मग टोलनाक्याकडून एक कार आली, पट्टीवर अर्ध्यापर्यंत गेली आणि ब्रेक मारून टोकाला उभी राहिली. अगदी माझ्यासारखी. तिच्यामागच्या ट्रकनं हॉर्नवर हात ठेवला तो काढलाच नाही.

"हे थांबलं," वडील म्हणाले. मग बराच वेळ तो हॉर्न ऐकत राहिले. "अटकलं आता. उभ्यानं कसं निंगन?"

त्यानंतर दुसरी गाडी आली. तिच्या इंजिनाचा आवाज चढत गेला, चढत गेला आणि मोठ्या रस्त्याच्या आवाजात मिसळून गेला. कुणी हॉर्न मारला नाही. वडिलांनी मान वर केली.

"हे गेलं. कुठं जोडलं तेच समजलं नाई." मग त्यांनी मला विचारलं, "आन् जागा नाई भेटली तं?"

"तं जरासं हळू व्हाचं, एक गाडी जाऊ द्याची आन् तिच्या मांगं शिराचं. पन उभं नाई राह्याचं."

त्यांना पटत होतं आणि पटवून घ्यायचं नव्हतं. तेवढ्यात आई म्हणाली, "त्यात काय हाय एवढं? चालत्या बशीत चढल्यासारखंच तं हाय. उभं राहून दांडी धरली तं हात उपटते. बशीसंगं पळा लागते, तिच्याएवढंच जोरानं. मंग दांडी धरली का आपोआप पाय वर येते."

वडील तिच्याकडं वळले. "तुले काय माहीत?"

"मले नाई माहीत तं कोनाले माहीत? बजाराच्या दिवशी तुमच्याच बशीमांगं किती खेपा पळली मी! पह्यले भाजीची पाटी कंडक्टरच्या अंगावर टाकाची, मंग मी चढाची."

हे मला नवीन होतं. आई लग्नानंतर बरीच वर्षं वांगी, मेथी, कोथिंबीर घेऊन आर्वीच्या बाजारात बसायची एवढं माहीत होतं. पण धावत्या गाडीत चढणाऱ्या साऱ्या तालुक्याची खरडपट्टी काढणाऱ्या माणसाच्या बसला त्याचीच बायको लोंबकळत होती, हे कुणी सांगितलं नव्हतं. मला हसू आवरेना.

"आन् उतरताना?" मी विचारलं.

"उतरतानी पह्यले खाली उतराचं, मंग हळू व्हाचं. बशीच्या तोंडाकडं तोंड करून दोन पावलं संगं पळाचं. दांडी न सोडता थांबाले गेलं का फरफटत नेते."

मला चपराक बसल्यासारखं झालं, कारण मी नेमकं तेच करत होते. बाहेर पडायची पाटी दिसली की मोठ्या रस्त्यावरच ब्रेक दाबायचे आणि मागच्यांच्या शिव्या खायचे. आधी बाजूच्या पट्टीवर उतरायचं आणि तिथं गेल्यावर वेग कमी करायचा, ही गोष्ट ड्रायव्हिंग स्कूलवाल्यानं सांगितली नव्हती. त्यानं मला आर्वीच्या बाजारात तिसरा गिअर टाकायला शिकवलं हेच खूप.

आईला आता चेव आला होता. "मोठे आले नियमवाले! कधी आरशात पाह्यलं असतं तं दिसली असती मी."

खालून एक-दोन गाड्या गेल्या. मग वडील कठड्याकडंच तोंड ठेवून म्हणाले, "दिसत होती ना. म्हनून तं फाटा सुटेपर्यंत गाडी दुसऱ्या गिअरातच ठेवत होतो."

आई पदराशी चाळा करत उभी राहिली. इतक्या वर्षांत त्यांनी सांगितलं नाही आणि तिनं विचारलं नाही. मला अशा वेळी काय करावं ते कळत नाही, म्हणून मी उगाच गाडीची किल्ली शोधू लागले.

तारखेच्या दिवशी वडील माझ्या शेजारी येऊन बसले. त्यांनी बेल्ट लावला, दाराचं हँडल धरलं आणि उजवा पाय समोर दाबून ठेवला. तिथं ब्रेक नव्हता, पण हे त्यांच्या पायाला कोण सांगणार? पट्टी लागली. मी इंडिकेटर लावला, आरसा पाहिला, मान वळवून खांद्यावरूनही पाहिलं, कारण आरशात न मावणारी गाडी नेमकी तिथंच असते. मग वेग घेतला. त्यांचे ओठ हलले आणि मला वाटलं, आता ओरडतात. माझा पाय पुन्हा ब्रेकवर गेला असता तर ते त्या गाडीत परत कधी बसले नसते, आणि डोळ्याचं जे व्हायचं ते झालं असतं. ते पुटपुटले, "पळ." मी आत शिरले. मागून आई म्हणाली, "चढली माय!"

परत येताना त्यांच्या उजव्या डोळ्यावर पट्टी होती, म्हणजे सगळाच अंधार. नागपूरच्या बाजूनं पुन्हा वर चढायचं होतं. आता ते फक्त इंजिनाचा आवाज ऐकत होते. मी आत सरकून सुरळीत चालायला लागल्यावर त्यांनी डॅशबोर्डवर दोनदा बोट वाजवलं. डबल. ती जरा उशिरानं आली होती, पण मी तसं बोलले नाही. डबल झाल्याशिवाय गाडी हलत नाही, हा त्यांचा नियम आहे.

पुढं दर महिन्याला तसंच चाललं. पट्टी आली की त्यांचा पाय समोर दाबला जाई, ओठ हलत, मग दोनदा बोट वाजे. डॉक्टरीणबाई म्हणत, बघू या. घरी वडील म्हणत, काही फरक नाही. आई त्यांच्या ताटात भाजी कोणती ते सांगून वाढत राहिली. मला वाटायचं की आपण नुसत्या खेपा घालतोय. एकदा रात्री तसं बोलूनही दाखवलं आणि आईनं मला गप्प बसवलं.

मागच्या महिन्यात आम्ही असेच निघालो होतो. तुरीच्या शेंगा भरलेल्या होत्या. मी पट्टीवर आले, इंडिकेटर लावला, वेग घेतला. वडिलांनी दाराचं हँडल धरलं नाही. ते सीटवर अंग वळवून माझ्या खांद्यामागून उजवीकडच्या काचेतून बाहेर पाहत होते. आवाज ऐकताना ते मान खाली घालतात, आज मान वर होती.

"मांगून पांढरी गाडी येऊन राह्यली," ते म्हणाले. "तिले जाऊ दे. मंग घे."

मी पाय जरा सैल केला. पांढरी गाडी आमच्या बाजूनं पुढं गेली आणि मी तिच्यामागं शिरले. मागच्या सीटवर आईच्या बांगड्या वाजल्या, तिनं तोंडाला पदर लावला असावा. मला ती गाडी आरशात आधीच दिसली होती. पण ती त्यांनाही दिसली होती.