तिसरा चौकोन

बोलायला सुरुवात करण्याआधी ते उजव्या हाताची तीन बोटं उभी करायचे. मग पहिलं बोट दुमडायचे आणि विचारायचे, "हे नाय मिळालं तर?"

मस्कतमधल्या रुवीतल्या चहाच्या दुकानात मी करक, म्हणजे दुधाचा कडक चहा, मागितला की बोटं वर.

"करक संपला असेल तर, पेपरवाले?"

"मग साधा."

दुसरं बोट खाली. "साधाही संपला तर?"

"मग पाणी."

तेव्हा कुठे ते समाधानानं ऑर्डर देत. दुकानदार मलबारी. त्याच्याकडे करक कधीच संपत नसे, आणि हे आम्हा तिघांनाही माहीत होतं.

सगळे त्यांना नुसतं भाई म्हणत. गाव श्रीवर्धनजवळ. मस्कतमध्ये एका क्लिअरिंग कंपनीत कस्टमचे कागद भरण्याचं काम त्यांनी अठ्ठावीस वर्षं केलं. राहायला वादी अदाईत एक खोली, बायको गावी. मी एका इंग्रजी वर्तमानपत्रात बातम्या तपासायचो. आमची ऑफिसं एकाच रस्त्यावर होती, म्हणून रोजचा चहा बरोबर.

कामाची सवय माणसाच्या अंगात किती मुरते, हे तुम्हीही कोणाकोणात पाहिलं असेल. भाईंना कोरा रकाना सहन होत नसे. एक रकाना कोरा राहिला तर कागद परत येतो आणि कंटेनर आणखी एक दिवस बंदरावर उन्हात. "नाय तरी लिहा," ते म्हणत, "पण कोरं सोडू नका." दवाखान्याच्या फॉर्मवर 'गरोदर आहात का' या प्रश्नापुढे त्यांनी 'सध्या नाही' असं लिहिलेलं मी स्वतः पाहिलं आहे.

आमच्या मराठी मंडळाचे निवडणूक अधिकारी तेच असत. त्यांच्या मोजणीवर कोणी कधी शंका घेतली नव्हती. पण एका वर्षी अध्यक्षपदाला तिघे उभे राहिले. दळवी निवडून आले ते जेमतेम एक तृतीयांश मतांवर. बाकीचे दोन तृतीयांश लोक त्या वर्षी गणपतीला फिरकलेच नाहीत. आरतीला माणसं कमी आणि मोदक जास्त, अशी वेळ आली. भाईंनी ते मनाला लावून घेतलं.

"पेपरवाले, नंबर टाकून मत देतात ते काय असतं?" त्यांनी मला चहावर विचारलं.

मी सांगितलं. उमेदवारांपुढे एक, दोन, तीन असे पसंतीचे आकडे लिहायचे. पहिल्या फेरीत कोणालाच निम्म्याहून जास्त मतं नाहीत, तर सर्वांत मागचा उमेदवार बाद करायचा आणि त्याचे कागद दुसऱ्या पसंतीप्रमाणे उरलेल्यांना वाटायचे. मी सांगत असतानाच त्यांची बोटं वर गेली होती. पहिलं दुमडलं. चेहरा असा उजळला की मलबाऱ्यानं किटली खाली ठेवून पाहिलं. त्यांच्या हातात जे आयुष्यभर होतं, त्यावर कुठेतरी सरकारं निवडून येत होती.

"यात दोन प्रकार आहेत," मी म्हणालो. "आपल्याकडे पदवीधर मतदारसंघात पहिला आकडा सक्तीचा, पुढचे तुमच्या इच्छेवर. ऑस्ट्रेलियात लोकसभेसारख्या सभागृहासाठी सगळेच चौकोन भरावे लागतात. एक कोरा राहिला तर मत बाद होऊ शकतं."

त्यांनी कोणता प्रकार निवडला, हे सांगायला नको.

मंडळाची सभा झाली. भाईंनी नियम वाचला : प्रत्येक चौकोनात आकडा, एकही चौकोन कोरा राहिला तर मत बाद. उमेदवार पुन्हा तीन. दळवी, शाळेत शिकवणाऱ्या जोगळेकर मॅडम, आणि सीबचे व्यापारी मुकादम. मुकादम भाईंच्याच किनाऱ्यावरचे.

तिसऱ्या रांगेतून वैशाली उठली. नागपूरची, इंजिनियर. मंडळात तीन वर्षं. पहिल्याच वर्षी महाराष्ट्र दिनाच्या पंगतीसाठी स्वयंपाकात तिनं नाव दिलं होतं. पंगतीचं बघणाऱ्या दळवींनी यादी वाचली, तिचं आडनाव पुन्हा विचारलं आणि म्हणाले, "तुम्ही असं करा, खुर्च्यांचं बघा." तिनं त्या दिवशी दोनशे खुर्च्या मांडल्या. त्या पंगतीत ती जेवली नाही. हे सभेतल्या बहुतेकांना माहीत होतं आणि कोणी कधी बोललं नव्हतं.

"भाई, दळवींना मला शेवटचाही आकडा द्यायचा नाही," ती म्हणाली.

दळवी पहिल्या रांगेत बसले होते. त्यांनी मागे वळून पाहिलं नाही.

"शेवटचा म्हणजे नकोच ना, पोरी?"

"नाही. शेवटचा म्हणजे दुसरं कोणी नसेल तर चालेल. मला चालणार नाही."

"कोरा चौकोन मी मोजणार नाय."

"मग मोजू नका. माझा कोराच राहील."

भाईंची तीन बोटं सवयीनं वर गेली होती. ती तशीच राहिली. नियम मंजूर झाला.

निवडणूक शुक्रवारी दुपारी. मतं एक्क्याऐंशी. इतकं मतदान मंडळात पूर्वी झालं नव्हतं. दोन तासांवरच्या इब्र्याहून दोघं जण केवळ मत द्यायला गाडी काढून आले होते. मोजणीच्या वेळी हॉलमध्ये बसायला जागा होती, पण कोणी बसत नव्हतं. मुलं खुर्च्यांवर उभी राहून एकमेकांना इंग्रजीत समजावत होती की हरलेल्याची मतं जिंकणाऱ्याला कशी जातात. फळ्यावर आकडे लिहायचं काम माझ्याकडे होतं. माझा खडू पहिल्या पाच मिनिटांतच मोडला.

भाईंनी आधी सगळे कागद तपासले. एक कागद बाजूला काढून पेपरवेटखाली ठेवला. राहिले ऐंशी. बहुमताला एक्केचाळीस हवीत.

पहिली फेरी : दळवी पस्तीस, मुकादम सव्वीस, जोगळेकर एकोणीस.

"मॅडम बाद," भाई म्हणाले. "आता मॅडमच्या लोकांना विचारू, हे नाय मिळालं तर?"

हॉल हसला. जोगळेकर मॅडमही हसल्या. मग भाई मॅडमचे एकोणीस कागद एकेक उचलून दुसरी पसंती वाचू लागले, आणि हसणं थांबलं. मुकादम. मुकादम. दळवी. मुकादम. लोक बोटांवर मोजत होते. दळवी एकोणचाळीस, मुकादम एकोणचाळीस झाले तेव्हा हातात दोन कागद उरले होते. आमच्या मंडळात अध्यक्ष कोण, याची कोणाला इतकी उत्सुकता असेल हे मला खरं वाटलं नसतं.

एक कागद दळवींना. एक मुकादमना.

चाळीस, चाळीस.

"चिठ्ठी टाका," मागून कोणी म्हणालं. समसमान झाल्यास चिठ्ठी, असा नियम होताच.

भाईंनी पेपरवेट उचललं. बाजूला ठेवलेला कागद सर्वांना दिसेल असा धरला. जोगळेकर : एक. मुकादम : दोन. दळवी : काही नाही. कागद कोणाचा, हे सर्वांना कळलं. वैशाली भिंतीपाशी उभी होती. तिची नजर कागदावरून हलली नाही.

भाईंनी तो बाद केला तर चिठ्ठी. धरला तर मुकादम अध्यक्ष. आणि बाद करण्याचा नियम भाईंनीच लिहिलेला.

"मोजणारा कोण आणि जिंकणारा कोण," मागचा आवाज पुन्हा आला. "दोघं एकाच समुद्राचे."

भाईंचा चेहरा क्षणभर उतरला. मुकादम घाईनं म्हणाले, "मी काय बोलणार नाय. माझा फायदा आहे यात."

"तुम्हाला विचारलंच नाय," भाई म्हणाले. "दळवी साहेब, इकडे या. हा वाचा. मोठ्यानं."

दळवींनी चष्मा लावला. "जोगळेकर, एक. मुकादम, दोन."

"पुढे?"

"पुढे माझं नाव आहे. चौकोन कोरा आहे."

"मग या माणसाला तुम्ही कितवे?"

दळवींनी चष्मा काढला आणि भिंतीकडे एकदा पाहिलं.

"कितवाच नाही," ते म्हणाले.

"आणि मुकादम?"

"दुसरे. तसं स्वच्छ लिहिलंय."

"म्हणजे या माणसानं सांगायचं ते सगळं सांगितलंय?"

"सांगितलंय."

"मोजू की चिठ्ठी टाकू?"

चिठ्ठीत दळवींना निम्मी संधी होती. हे हॉलमधल्या सर्वांत लहान मुलालाही कळत होतं.

"मोजा," दळवी म्हणाले.

मी फळ्यावर एक्केचाळीस लिहिलं. मग जो आवाज उठला त्यात कोणता गट कोणता, हे ओळखता आलं नाही. इब्र्याचा एक जण माझ्या गळ्यात पडला. त्यानं मत कोणाला दिलं होतं, मला माहीत नाही.

आवाज थांबल्यावर भाई म्हणाले, "नियम मी लिहिला होता. चुकीचा लिहिला, आणि आज मीच मोडला. खलास. पुढच्या वेळी मोजायला दुसरा माणूस बघा." त्यांनी तिथेच राजीनामा लिहिला. मंडळाच्या छापील अर्जावर सगळे रकाने भरून. कारण या रकान्यात : स्वतःचा नियम मोडला.

हॉल रिकामा होत असताना दळवी खुर्च्या एकात एक घालत होते. ते अध्यक्ष असताना मी त्यांना हे करताना पाहिलं नव्हतं. थोड्या वेळानं वैशालीनं रांगेच्या दुसऱ्या टोकापासून सुरुवात केली. मधल्या खुर्चीपाशी आल्यावर तिनं ती त्यांच्या बाजूच्या ढिगावर ठेवली.

आता मंडळाचा नियम बदलला आहे. पहिला आकडा सक्तीचा, पुढचे ऐच्छिक.

मोजायला भाई नसतात. पुढच्याच वर्षी त्यांची नोकरी संपली. विमानतळावर सोडायला मी एकटाच गेलो. त्यांनीच तसं सांगितलं होतं. सामान दोन बॅगा. आत जाण्याआधी ते उभे राहिले.

"आता काय, भाई?"

त्यांनी एक बोट वर केलं. "घर. ती वाट बघतेय." अठ्ठावीस वर्षांत, सुट्ट्या धरून, दोघं एकत्र किती राहिले, हे त्यांनी मला कधी सांगितलं नव्हतं.

मग मी माझी तीन बोटं वर केली आणि पहिलं दुमडलं. "करमलं नाही तर?"

ते माझ्या उरलेल्या दोन बोटांकडे पाहत राहिले. मग हात पुढे करून त्यांनी ती हळूच मिटवली.

"ते कोरं राहू दे, पेपरवाले," ते म्हणाले, आणि ट्रॉली ढकलत आत गेले.